दर्भाचा कावळा

नाही नाही, बस रे, उठू नकोस. ही कचोरी तुझ्यासाठी नाही, एवढंच म्हणालो मी — आणि माझ्यासाठीही नाही, मला साखर आहे. तू फोनवर आईशी मराठीत बोलत होतास ना, 'जेवलो गं, जेवलो' म्हणून — आणि जेवला तर नव्हतास, हा बिस्किटाचा पुडा आत्ता फोडलास माझ्यासमोर — ते ऐकलं आणि पाय इथंच थांबले. किती सहज म्हणालास. तुला 'तू' म्हटलं तर चालेल ना? गळ्यात ऑफिसचं कार्ड आहे, म्हणजे इथल्या झालान्याच्या ऑफिसांकडे नोकरी असणार. गाडी यायला वेळ आहे? मग बस. माझं एक काम आहे तुझ्याकडे, पण ते एकदम सांगता यायचं नाही.

ते समोर बघ — कठड्याच्या पलीकडे, देवळामागचं अंगण, भिंतीवर पत्रावळ ठेवलीय, दिसली? त्यावर माझ्या बायकोचे पिंड आहेत. मंदाकिनीचे. आज दहावा. आणि पायरीवर ती पांढऱ्या ओढणीतली बसलीय ना, ती माझी मुलगी, ज्ञानदा. एकुलती एक, तेव्हा सगळं तीच करतेय, गुरुजींनीही काही खळखळ केली नाही. सकाळपासून आम्ही कावळ्याची वाट बघतोय. तुमच्याकडे असेलच हे — कावळा पिंडाला शिवला की माणूस तृप्त होऊन गेलं, नाही शिवला तर जीव कशात तरी अडकलाय. आणि तो शिवेपर्यंत घरातल्या कुणी जेवायचं नाही. आता जयपुरात कावळा आणायचा कुठून? इथं लोक कबुतरांना पोत्यानं ज्वारी घालतात. कबुतरं आली, खारी आल्या, झालान्याच्या रानातला एक मोर येऊन भिंतीवर बसला — मोर रे — गुरुजी म्हणाले, मोर चालत नाही.

मग सुरू झालं आमच्या लोकांचं. म्हणजे दहा-बाराच जण आहेत, मराठी मंडळातले चार, बाकी नातेवाईक. एकेक जण हात जोडून पत्रावळीपुढं उभा राहतो आणि मंदाला काहीतरी कबूल करतो. माझा भाऊ म्हणाला, ज्ञानदाचं लग्न आम्ही करून देऊ. मंदाची मैत्रीण म्हणाली, तुझ्या कुंड्या मी नेते. माझा पुतण्या संकल्प, तो इंजिनिअर, त्यानं मोबाईलवर कावळ्याचं ओरडणं शोधून काढलं — आधी गादीची जाहिरात लागली, मग काव काव. एवढ्या गंभीर प्रसंगी गादीची जाहिरात, आणि कुणी हसलं नाही बघ. शेवटी कुणाच्या तरी डोक्यात आलं की वहिनींना प्याज कचोरी आवडायची, ती राहिलीय. गुरुजी म्हणाले, कांदा चालत नाही. मग स्वतःच म्हणाले, बाजूला ठेवा, बघू. म्हणून मी आलो कचोरी घ्यायला. घेतली. आणि तिथं परत जाववेना, म्हणून या बाकावर.

मी कोण? मी तत्त्वज्ञान शिकवायचो. हसलास तरी चालेल. मंदा विमा कंपनीत अधिकारी, तिची बदली झाली इथं, मी तिच्यामागून आलो, बनी पार्कात घर घेतलं आणि इथल्या एका कॉलेजात लागलो. पहिल्या तासाला मी पोरांना सांगायचो — आपलं दुकान मधलं आहे. एका बाजूला प्रयोगशाळा, दुसऱ्या बाजूला देऊळ, दोन्हीकडे रांग, समोर सिनेमा, तिथं तर चेंगराचेंगरी, आणि मध्ये आपण माश्या मारत. पण सगळ्यांचं वजनकाट्याचं माप आपल्याकडून जातं, असं म्हणायचो. वजनकाट्याचं माप. बघ, किती ऐट. नंतर नंतर तर पोरं एकच विचारायची, सर, आपण सगळे कुणाच्या तरी कॉम्प्युटरच्या खेळात आहोत का — सिनेमात पाहिलेलं. मग कॉलेजनं विषय बंद केला आणि मला म्हणाले, मॅनेजमेंटच्या मुलांना गीता शिकवा. तेही केलं. आणि गंमत सांगू — तर्कशास्त्राच्या तासाला उदाहरण कुठलं? सर्व कावळे काळे असतात. आयुष्यभर फळ्यावर कावळे उडवले मी. आज एक पाहिजे तर नाही.

नाही, माझा विश्वास नाही रे यावर. अजिबात नाही. माझा प्रश्न कावळा नाहीच. माझा प्रश्न ती पायरीवर बसलेली. ती डॉक्टर आहे — भूल देणारी, अतिदक्षता विभागात रोज यंत्रं लावते आणि काढते. आईला झटका आला, यंत्रावर ठेवलं, आणि मग मेंदू गेलाय म्हणून तिथल्या डॉक्टरांची खात्री झाली. त्यांनी त्यांच्या भाषेत ज्ञानदाला विचारलं, तिनं त्यांच्या भाषेत उत्तर दिलं. मी शेजारीच होतो. मला एक शब्द कळला नाही. मग यंत्राचा आवाज थांबला तेव्हा कळलं. आणि तिनं जे केलं ते बरोबर केलं, हे तिचे सगळे डॉक्टर म्हणाले, मीही म्हणालो, गुरुजीसुद्धा म्हणाले. पण आज कावळा येईना, तसं तिनं माझ्याकडे बघितलं आणि म्हणाली, "बाबा, मतलब, आई माझ्यावर रागावलीय." एवढंच.

मी समजावलं ना, समजावलं कसं नाही. तोच तर माझा धंदा. म्हटलं, बाळा, कावळा बसायला आणि फांदी मोडायला एकच गाठ पडते, म्हणून कावळ्यानं फांदी मोडली असं होतं का? यंत्र थांबलं म्हणून आई गेली नाही, आई गेली होती म्हणून यंत्र थांबवलं. कारण कशाला म्हणायचं, नुसतं एकामागून एक येणं कशाला म्हणायचं, सगळं सांगितलं, दोन हजार वर्षांचं — तिनं चांगल्या विद्यार्थिनीसारखं ऐकून घेतलं. आणि म्हणाली, "बाबा, बरोबर आहे तुमचं. पण कावळा नाही आला." आता यावर काय बोलतोस? सांग ना.  तिकडं भाऊ म्हणत होता, दादा, तू पण वहिनीला काहीतरी सांग. मी उभा राहिलो पत्रावळीपुढं — ज्या गोष्टीवर विश्वास नाही तिच्यापुढं हात जोडून — आणि म्हणालो, मंदा, पोरीला सोड. मोठ्यानं नाही. मनात. तरी म्हणालो.

आणि धर्मात सोय नाही असं समजू नकोस. धर्म शहाणा असतो आपल्यापेक्षा. कावळा नाही आला तर दर्भाचा करतात — गवताच्या काड्यांना गाठ मारायची, तो कावळा समजायचा, पिंडाला लावायचा, झालं, सगळे जेवायला मोकळे. गुरुजींनी केलाय करून, त्यांच्या खिशात आहे. त्यांना दुसरीकडं जायचंय. त्यांना चालतो, मला चालतो, सगळ्यांना चालतो. चालत नाही फक्त विज्ञान शिकलेल्या माझ्या मुलीला. "धोका नाही करायचा आईशी, बाबा. खराच पाहिजे." मघाशी मी म्हणूनही पाहिलं, अगं तू डोळे मिटले होतेस ना, तेव्हा आला होता, गेला. तिनं नुसतं माझ्या तोंडाकडे बघितलं. मला खोटं बोलता येत नाही रे. तोंडावर दिसतं माझ्या.

तर काम हे. तू माझ्याबरोबर चल. कुणी नाहीस तू आमचा, म्हणून तुझं खरं वाटेल. तू म्हणायचं, मी त्या बाकावर बसलो होतो, मला दिसला. पिंपळावरून आला म्हण. मधल्या पिंडाला चोच लावली म्हण, आणि बिर्ला मंदिराच्या बाजूला उडाला. जास्त सांगू नकोस, जास्त सांगितलं की फसतं — हे मी शिकवतोय तुला, ज्यानं वर्गात सांगितलं की जीव वाचवायलासुद्धा खोटं बोलावं का हा प्रश्न सोपा नाही. सोपा आहे. एकदम सोपा आहे. ती सकाळपासून पाणी प्यायली नाहीये. येतोस ना? — पाप कसलं त्यात? आणि असलंच तर माझ्या नावावर.

थांब, फोन. तिचाच. — हां ज्ञानदा, बोल बेटा. — काय? — शिवला? आत्ता? — बरं. बरं. — पिंपळावरून. हो. — नाही, रडत नाही मी, गाड्यांचा आवाज आहे. — हो, मी... मी बघितला ना. इथून दिसतं सगळं. मोठा होता. — मधल्याच, हो, मधल्याच पिंडाला. — घेतो गोळी. तू आधी पाणी पी. येतोच.

...

तूही तिकडंच बघत होतास ना रे मघापासून? मग. पत्रावळीवर खार बसलीय. पिंड जसेच्या तसे आहेत. ज्ञानदा भिंतीकडे पाठ करून उभी होती बोलताना, बघितलंस? मी उपाशी, माझी गोळी राहिलीय, म्हणून. दर्भाचा तिला चालला नाही आणि माझ्यासाठी तोंडानं केला तिनं. आणि मी हो म्हणालो. आता तिला मी काय समजावणार? आई रागावली नाही, हे सांगायला आधी म्हणावं लागेल की कावळा आला नव्हता. ते तर आता मला कधीच म्हणता येणार नाही.

नको, तू नको येऊस. तुझं काम राहिलं नाही. आणि तुझ्याही तोंडावर दिसतंय सगळं. ही घे कचोरी. घे म्हणतो ना. गार झालीय. खा, आणि मग आईला फोन कर.

जा. गाडी आली तुझी.