जावई पळतोय

पेणहून रोह्याला जाणाऱ्या एसटीत माझ्या पुढच्या बाकावर दोघी बोलत होत्या. खिडकीशी एकीचे वडील पेंगत होते.

"सरू, तुझ्या नवऱ्याच्या शर्यतीच्या तयारीची फिल्म झाली का गो?"

"कुठली! खाडीत पोहला, सायकल मारली. पळायला लागला, तर आबांनी स्कूटरवर बसवलं."

"आणि बसला?"

"सासऱ्याला नाय कसं म्हणायचं?"

"अगो बाय!"

"आज परत पळणार हाय. कॅमेरावाला म्हणाला, हा शेवटचा चान्स. म्हणून आबांना आत्याकडे घेऊन चाललेय."

"बेस केलंस."

कासूच्या पुढे रस्त्याकडेला एकजण पळत होता. आबा जागे झाले.

"ओ कंडक्टर, गाडी थांबवा! आमच्या जावयांची एसटी चुकली!"

घंटी वाजली.

"या जावईबापू, जागा धरलीय!"