रांगेत मागायचं नाही

आमच्या व्हरमाँटच्या गावात मतदानाची रांग. माझ्यापुढे विनिफ्रेड, तिच्यापुढे आमचा आमदार हार्लन वकील. दोघं सत्तरीचे, दोघं एकटे. शपथेवर सांगते, यातला एक शब्दही पदरचा नाही.

"विनी, मत मलाच ना?"

"रांगेत मत मागायचं नाही. कायदा तूच केलास."

"वीस वर्षं झाली गं त्याला!"

"अजून लागू आहे. आणि ऐक, यंदा मी तुला पाडणार."

"अगं, तुझं शेत धरणात जात होतं, कोर्टात अकरा महिने भांडलो मी!"

"तेव्हा रोज संध्याकाळी माझ्याकडे जेवायचास. आमदार झालास आणि राजधानीत गार सूप पीत बसलास."

"मग पडलो तर जेवायला घालशील?"

"सफरचंदाचा केक केलाय."

"आणि निवडून आलो तर?"

"तर कुत्रा खाईल."

"विनी, रांगेत लग्नाची मागणी घालायला बंदी आहे का गं?"

"कायदा तुझा, मला काय विचारतोस?"

"नाहीये. ते कलम मी मुद्दाम गाळलं होतं."

"वीस वर्षांपूर्वी?"

"हो."

"मेल्या, रांग पुढे सरकली, चल."

हार्लन एका मतानं पडला. विनी म्हणते, ते मत तिचं. हार्लन म्हणतो, त्याचं स्वतःचं. मला कुणी विचारतच नाही.