नुसतं बघायला काय जातंय

…आणि वर मलाच म्हणतो, "दाजी, तुमचा पासवर्डच लेचापेचा!" आता बोला. बायकोचा भाऊ, त्याला काय बोलणार? झालं असं… भरदुपारची वेळ, माझं गाद्यांचं दुकान, गिऱ्हाईक नाही, पंखा गरगरतोय, मी नव्या गादीवर आडवा, डोळे मिटत आलेले… आणि हा कॉम्प्युटरपाशी बसून कुजबुजतोय. "दाजी, ही यादी. लोकांच्या सिनेमाच्या खात्यांचे पासवर्ड, कुठूनतरी चोरीला गेलेले. आणि हे सॉफ्टवेअर एकेक लावून बघतं. लागला की हिरवी खूण. मग सिनेमे फुकट. नुसतं बघायला काय जातंय?"

तुम्हाला सांगतो, गल्लीतल्या प्रत्येक दाराची कडी वाजवायची आणि जे उघडेल तिथं सोफ्यावर जाऊन बसायचं, असला हा प्रकार! जागा असतो तर कळलं असतं. पण मी अर्धा झोपेत. कॉम्प्युटरवर लाल पाटी आली, 'धोका'. मेहुणा म्हणाला, "तो अँटिव्हायरसचा राखणदार आधी बंद करा, त्याला उगाच भुंकायची खोड आहे." केला बंद.

आता आमच्या धंद्यात एक रीत आहे. गादी गिऱ्हाइकाला द्यायच्या आधी स्वतः झोपून बघायची. वडिलांनी लावलेलं वळण, सुटतं थोडंच? म्हणून यादीत पहिलं नाव मी माझंच घातलं, पैसे भरायचे सोडून दिलेल्या माझ्या जुन्या सिनेमाच्या खात्याचं. माझाच मेल, माझाच पासवर्ड. लागली हिरवी खूण! म्हटलं, वा, माल चोख आहे.

मग काय… कुणा परक्याचं घर उघडलं. आत तीन नावं: बाबा, पिल्लू, आजी. आजीचा एक जुना सिनेमा विसाव्या मिनिटाला थांबलेला. दुसऱ्या दिवशी बघतो तर तिसाव्या. रोज दहाच मिनिटं बघायची हो! मला गादीवर पडल्या पडल्या ती दिसायला लागली… चष्मा नाकावर घसरलेला, मान हळूहळू कलतेय, खिडकीतून ऊन पायावर आलंय. मीही तिच्याबरोबर तरंगत तरंगत झोपायचो. एका दुपारी मीच तिचा सिनेमा लावला, माझा डोळा लागला, तो चालूच राहिला आणि पार शेवटाला जाऊन थांबला. आजीची खूण पुसली! दुसऱ्या दिवशी ते खातंच बंद. म्हातारी आता शोधत असेल, कुठवर आले होते मी? वाईट वाटलं, खोटं कशाला बोलू. पण मेहुणा म्हणाला, "दाजी, दुसरं उघडू. नुसतं बघायला काय जातंय?"

आणि त्यानंतर चौथ्या दिवशी घरून बायकोचा फोन. "अहो, आपल्या मेलचा पासवर्ड चुकीचा म्हणतंय. छकुलीचा आवाज लागत नाहीये."

झोप उडाली. मुलगी आता दूर राहते, नोकरी करते. पण ती तीन वर्षांची असताना याच दुकानात गादीवर थोपटत विचारायची, "बाबा, गादी झोपली?" ते बोबडं बोलणं त्या मेलमध्ये ठेवलेलं, आणखी कुठं नाही. बायको रोज दुपारी ते ऐकून मग पडते. आणि माझा पासवर्ड सगळीकडे एकच! सॉफ्टवेअरनं तपासलं ते तपासलं, वर गुपचूप आपल्या मालकाला कळवलं. फुकट कोण कुणासाठी राबतं हो?

मेलवाल्यांना फोन लावला. पलीकडे मधाळ आवाज, "सर, खातं आपलंच आहे याचा काही पुरावा?" म्हटलं, बाई, गादी झोपली का विचारते ती माझी मुलगी! "सर, तसा पर्याय आमच्याकडे नाही."

घरी जाऊन बायकोला सगळं सांगितलं. ओरडली असती तर बरं झालं असतं. ती म्हणाली, "लोकांच्या घरात डोकावत होतात, तेव्हा आपलं दार कोण बघत होतं?" आणि कुशीवर वळली. दुपारभर जागीच होती, मला कळत होतं.

परवा मेहुणा नवी यादी घेऊन आला. ताजी म्हणे. म्हटलं, नको रे बाबा. पण नजर गेलीच… सातव्या ओळीत माझं नाव. माझाच मेल, पासवर्ड कुणीतरी बदललेला, पुढं हिरवी खूण: 'चालू'. तो नवा पासवर्ड लावला. पाटी आली, 'फार लोकांनी प्रयत्न केल्यामुळे हे खातं कायमचं बंद करण्यात आलं आहे.'

मेहुणा पाठीवर हात ठेवून म्हणाला, "जाऊ द्या दाजी, निदान लावून तर बघितलं."

आता दुपारी मी गादीवर पडतो, पण डोळा लागत नाही. गादी मात्र झोपते.