मापापेक्षा दोन इंच कमी

सन्माननीय अध्यक्ष महोदय, व्यासपीठावरील मोठे डॉक्टरसाहेब, संस्थेचे चिटणीस, बालविभागाच्या मुख्य परिचारिका, म्हणजे ज्यांच्या निरोपासाठी आपण जमलो त्या आपल्या मोठ्या ताई, आणि समोर बसलेल्या माझ्या बंधुभगिनींनो,

मला भाषणाची सवय नाही. चौथीत शाळा सुटली, त्यानंतर उभं राहून बोलायची वेळ आली नाही. म्हणून कागदावर लिहून आणलंय. आवाज मागपर्यंत येतोय ना? चिटणीसांनी पाच मिनिटं दिली आहेत आणि बजावलंय, की मास्तर, ताईंच्या लहानपणीची एखादी गोड आठवण सांगा. मी हो म्हटलं. रात्रभर विचार केला आणि वाटलं, हो म्हणायला नको होतं.

मी शिंपी. अध्यक्षांनी आत्ताच सांगितलं, की ताई एका थोर अभिनेत्रीच्या कन्या. त्या अभिनेत्रीचे कपडे मी एकोणीस वर्षं शिवले. घरात आणि स्टुडिओत सगळे त्यांना नुसतं बाई म्हणत. ताई चार वर्षांच्या असताना बाईंनी त्यांना दत्तक घेतलं. तुमच्यातल्या वयस्क मंडळींना तो फोटो आठवत असेल. बाईंच्या कडेवर पोर, दोघींच्या अंगात एकाच कापडाचे झगे. लोक म्हणाले, काय नशीब काढलं पोरीनं! ते कापड मी बेतलं होतं, मीही तेच म्हणालो.

पण फोटो काढून झाला की झगा उतरवून त्याची घडी व्हायची, आणि पोर मागच्या खोलीत माझ्याकडे यायची. माझ्या टेबलाखाली बसून डब्यातली बटणं रंगाप्रमाणे लावायची. मी तिला बटण म्हणूनच हाक मारायचो. ताई, चारचौघांत सांगितलं, रागावू नका. एकदा तिनं मला विचारलं होतं, "मास्तरकाका, आई शूटिंगमध्ये कुणाची आई असते?" मी तोंडात टाचण्या आहेत असं दाखवलं आणि उत्तर टाळलं.

बाई वाईट नव्हत्या, हे मला नीट सांगितलं पाहिजे. पोरीला गोवर आला तेव्हा आठ दिवस काम बंद ठेवून त्या उशाशी बसल्या होत्या. तिथं फोटोवाला कुणी नव्हता. पण बाई चौतिसाव्या वर्षी थांबल्या होत्या. पडद्यावर, मासिकांत, मुलाखतींत, सगळीकडे चौतीस. आता आई थांबली आणि लेक वाढत राहिली, तर लोक बोटांवर वर्षं मोजणार की नाही? दरवर्षी वाढदिवसाला मायलेकींचा फोटो निघे. त्याआधी बाई मला सांगत, "मास्तर, पोर लहान दिसली पाहिजे. कसं ते तुम्ही बघा."

मी बघायचो. कंबर वर घ्यायची, बाह्या फुगवायच्या, कॉलर मोठी करायची. ती अकरा वर्षांची झाली तेव्हा एवढ्यानं भागेना. मग मी छातीचं माप घेतलं आणि त्याहून दोन इंच कमी कापलं. आतून जाड अस्तर लावलं.

आदल्या दिवशी घालून बघताना ती हळूच म्हणाली, "मास्तरकाका, श्वासापुरती जागा ठेवाल? बाहेरून दिसणार नाही."

ठेवता आली असती. शिवणीत दाब, म्हणजे पुढं सैल करायला जादा कापड, सोडून ठेवणं ही शिंप्याची पहिली शिकवण. पण पोर मोठी दिसली तर बाई दुसरा शिंपी बघतील, या भीतीनं मी दाबही कापून टाकला होता. मी म्हटलं, "तासाभराचा तर प्रश्न आहे. हळू श्वास घे."

दुसऱ्या दिवशी दिवाणखाना पाहुण्यांनी भरलेला. कुणीतरी पोरीला फुलांचा गुच्छ दिला. तो घ्यायला तिनं दोन्ही हात वर केले आणि काखेपासून कमरेपर्यंत शिवण उसवली. लोक हसले. एका वार्ताहरानं विचारलं, "बाई, मुलगी नेमकी केवढी झाली हो?" बाईंनी हसून फोटो पुरा केला. मग तिला हाताला धरून माझ्या खोलीत आणलं आणि विचारलं, "हे कसं झालं?"

पोर उसवलेली बाजू मुठीत धरून माझ्याकडे बघत उभी होती. आणि मी म्हणालो, "माप बरोबर होतं, बाई. पोर चोरून खात असेल."

 मला वाटलं होतं, ती कालचं सगळं बाईंना सांगून टाकेल.

दुसऱ्या दिवसापासून तिचं ताट अर्ध्यावर आलं. स्वयंपाकघराच्या कपाटाला कुलूप लागलं. दोन महिन्यांनी तिला लांबच्या वसतिगृहात पाठवलं, आणि मायलेकींचे फोटो बंद झाले. सुट्टीतही ती घरी क्वचितच यायची. आधीच्या वक्त्यांनी सांगितलं, की ताई वॉर्डात प्रत्येक पोराला दोनदा विचारतात, अजून हवं का म्हणून, आणि त्यावरून वाढपी कसे वैतागतात. तुम्ही सगळे हसलात. मला हसता आलं नाही.

पाच मिनिटं होऊन गेली, हे मला दिसतंय, चिटणीससाहेब. थोडंच राहिलंय.

बारा वर्षांपूर्वी बाई याच इस्पितळात, वरच्या मजल्यावर शेवटच्या आजारात होत्या. ड्यूटी संपली की ताई वर जाऊन त्यांना चमच्यानं भरवत. एक दिवस मी भेटायला गेलो. बाईंनी मला ओळखलं. कौतुकानं तिथल्या दुसऱ्या नर्सला म्हणाल्या, "आज मला भरवते आहे, पण लहानपणी हिला खायची भारी हाव. चोरून खायची. हे मास्तरच साक्षीला आहेत."

ताईंनी माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही. म्हणाल्या, "हो आई. हा एवढा घास घे."

तेव्हा तरी मी बोलायला हवं होतं की नाही? एक वाक्य पुरलं असतं. मी उगाच चादरीचं टोक सारखं करत बसलो. पुढच्या आठवड्यात बाई गेल्या. लेक चोर होती असं मानूनच गेल्या. आता त्यांना जाऊन सांगता येत नाही.

गेल्या महिन्यात हेच सांगायला मी वॉर्डात आलो होतो, ताई. तुम्ही चहा दिलात, माझ्या गुडघ्यांची चौकशी केलीत, आणि मी चहा पिऊन घरी गेलो. म्हणून आज इतक्या लोकांसमोर सांगतो. ही पोर कधीही चोरून जेवली नाही. झगा दोन इंच कमी होता. मला ठाऊक होतं.

भाषणाच्या शेवटी काही चुकलं असेल तर पोटात घाला, असं म्हणायची पद्धत आहे. अध्यक्षांचे आणि चिटणीसांचे मी आभार मानतो. वेळ जास्त घेतला त्याबद्दल सभेनं मला माफ करावं.

ताई, तुम्हाला मात्र मी तसं म्हणत नाही. जाऊ द्या म्हणून तुम्ही मान हलवायला लागला आहात, ते मला इथून दिसतंय. हलवू नका. समोर माणसं बसली आहेत म्हणून तुम्ही लहानपणी पुष्कळ केलंत. आज घरी जा, जेवा, आणि मनातून येत नसेल तर मला माफ करू नका.