प्रोमोतलं वाक्य

प्रज्वल : चहा राहू दे. आधी सांग, ते वाक्य प्रोमोत कुणी टाकलं?

संघर्ष : चॅनलनं. भावा, पहिला एपिसोड आहे. लिहिला मी, डायरेक्ट केला मी. दहा वर्षं आपण दोघं मांडवामांडवात लोकांना हसवत फिरलो. एकदा अभिनंदन तरी म्हण.

प्रज्वल : अभिनंदन. आता वाक्य म्हणून दाखव.

संघर्ष : 'मशीनच्या डोळ्याला पट्टी बांधली, आता ते तुझ्या हाताला घाबरून थांबायचं नाही.'

प्रज्वल : हे आमच्या सुपरवायझरचं वाक्य हाय. प्रेस मशीनखाली मारुतरावांचा हात गेला, त्याच्या तासभर आधीचं. हात आला की मशीन थांबवणाऱ्या सेन्सरला टेप लावली तवा तिथं आम्ही तिघंच होतो. सुपरवायझर, मारुतराव अन् मी.

संघर्ष : मी कंपनीचं नाव कुठं घेतलंय? स्किटमध्ये बिस्किटाचा कारखाना आहे.

प्रज्वल : मी तुला रडत सांगितलं होतं रे. तू त्याच्यावर हशा घेतलास.

संघर्ष : कंपनीनं 'कामगाराची चूक' लिहून फाईल बंद केली. निदान हसता हसता तरी लोक ऐकतील, म्हणून लिहिलं.

प्रज्वल : ऐकलं की. सकाळी आमच्या मॅनेजरनं, नानासाहेबांनी केबिनात बोलावलं. खुर्ची दिली. मोबाईलवर प्रोमो लावला. दोनदा बघून हसले. म्हणाले, 'तुमचा दोस्त हुशार आहे. नीट ऐकतो.'

संघर्ष : ओरडले नाहीत?

प्रज्वल : ओरडले असते तर बरं झालं असतं. आजपासून मला सेकंड शिफ्टला टाकलंय. मारुतरावांच्याच प्रेसवर.

संघर्ष : टेप काढली असेल ना आता?

प्रज्वल : विचारायची हिंमत झाली न्हाई.

संघर्ष : जाऊ नकोस तू.

प्रज्वल : न्हाई गेलो तर मीच फोडलं, हे कबूल केल्यासारखं.

संघर्ष : थांब, वाक्य काढायला लावतो.

(फोनवर बोलून येतो.)

प्रज्वल : काय म्हणायलेत?

संघर्ष : त्याच वाक्यावर सगळी जाहिरात चाललीय म्हणे. काढणार नाहीत.

प्रज्वल : तू डायरेक्टर हायस ना?

संघर्ष : शूटिंग संपेपर्यंत. ... ऐक, मारुतरावांकडे जाऊ. तुम्ही दोघांनी फॅक्टरी इन्स्पेक्टरला खरं काय ते सांगा. मीही येतो.

प्रज्वल : तिथूनच आलोय. खोलीला कुलूप हाय. काल कंपनीची गाडी आली, नवराबायकोला घेऊन गेली.

संघर्ष : कुठं?

प्रज्वल : गावाला म्हणे. शेजारच्या गोजाबाई सांगायल्या, माणसं लई अदबीनं बोलत होती. सामान पण त्यांनीच उचललं.

संघर्ष : ... गाडीची चावी घेतो. चाकणला कंपनीत मी सोडतो तुला.

प्रज्वल : सोड की. पण बाहेरच्या माणसाला गेटच्या आत घेत न्हाईत.