रिकाम्या खोलीचा आवाज

बरं, बसलो. गप्प. एकच मिनिट ना? — पण संचिता, मला एक सांग, अकरा दिवस या कोपरीच्या घरात येऊन तू मला बोलतं केलंस आणि आज शेवटच्या दिवशी म्हणतेस, दामाजीकाका, एक मिनिट बोलू नका, मला रिकाम्या खोलीचा आवाज घ्यायचाय! खोलीला कसला आलाय आवाज? पंख्याचा? तोही बंद करायला लावलास. — हो गं, माहितीये, बोलण्याच्या तुकड्यांमधले सांधे बुजवायला लागतो. मीही दिग्दर्शक आहे, एकच सिनेमा केला म्हणून काय झालं? — गेलं ना मिनिट? घे, पुन्हा घे. गप्प.

हेडफोन घालून डोळे वटारू नकोस, आमची रतन स्वयंपाकघरातून तेवढंच करते. — दिग्दर्शकांवरच्या तुझ्या आधीच्या दोन्ही फिल्म बघितल्या मी. दोन्ही दिग्दर्शकांना तू कॅमेऱ्यासमोर रडवलंयस. मला मात्र नाही रडवू शकलीस! आणि काल निवेदनासाठी लिहिलंस ना, 'दामाजींचं मौन' — ते काढून टाक. काढ म्हणतो ना! मेले सगळे समीक्षक तेच लिहीत आले. माझ्या सिनेमातला तो प्रसंग — नवरा समुद्रावरून परतलेला नाही, बायको खाडीकाठी होडीवर बसलीय, चार मिनिटं ओठ हलतायत आणि आवाज नाही. म्हणे बाईच्या दाबलेल्या आवाजाचं प्रतीक! डोंबलाचं प्रतीक! मी बडबडत होतो, मी! कॅमेरा चालू, त्या बायकोच्या कामात माझीच बायको, रतन, बोलतेय, आणि मी शेजारून — 'डावीकडे बघ, रतन! मान वर! अगं रड, रड आता!' — चारी मिनिटं. टेपवर माझाच आवाज. मग काय करणार? अख्खा आवाजच काढून टाकला. त्याला बक्षीस मिळालं.

— डबिंग? नेलं होतं ना तिला स्टुडिओत. माइकसमोर उभी राहिली, म्हणाली, मी एकदा बोलले, तुम्ही ऐकलं नाही. आणि सरळ घरी आली. — नाही, मी लिहिलेले संवाद नव्हतेच ते. पहिल्या वाक्यानंतर कागद सोडून तिचं तिचंच काहीतरी बोलत होती. काय, ते मला कुठं ठाऊक? मी रड म्हणून सांगत होतो ना! आणि ती आधीच रडत होती गं. तीस वर्षं पडद्यावर तिचे ओठ बघतोय, एक शब्द लागत नाही. — विचारलं की! विचारता विचारता मीच बोलत सुटतो.

काढ हा माइक माझ्या सदऱ्याचा. — काढ गं! आत ने, तिला लाव. कोळंबी सोलतेय, सोलू दे, हात कामात असले की बोलते ती. मी खाली जाऊन बसतो. इथं थांबलो तर मधे बोलणार, माझा मला भरवसा नाही. आणि बोलली तर मला आधी काही सांगू नकोस. तुझी फिल्म लागली की तिकीट काढून बघीन, चार लोकांत बसून. — रतन, हिच्याशी बोलताना जरा डावीकडे...

काही नाही. चाललो.