आप्पांनी मागितलेला आवाज

आप्पा, बाईंचे सगळे विद्यार्थी आणि इथं आलेले आपण सगळे,

मी बोलणारा माणूस नाही. तीस वर्षं रेडिओ केंद्रात काचेच्या पलीकडं बसलो. बोलायच्या त्या, आपल्या शारदाबाई. मी रेकॉर्डिंग करायचो. आज मला माईकसमोर उभं केलंय. बाई असत्या तर म्हणाल्या असत्या, "दत्ता, आधी खांदे खाली सोड, मग बोल." सोडले, बाई. आता बोलतो.

बाईंचं काम तुम्हाला ठाऊक आहे. आधी शेतकऱ्यांसाठीचा कार्यक्रम. मंगळवेढ्याकडं ज्वारीवर रोग पडला, की त्या ते असं सांगायच्या, जणू घरातलंच कुणी आजारी आहे. निवृत्तीनंतर घराच्या पुढच्या खोलीत आवाजाचे वर्ग घेतले. मग त्यावरच पुस्तक लिहिलं. शिक्षक, वकील, लग्नात सूत्रसंचालन करणारी पोरं, सगळी त्या खोलीतून गेली. पहिले आठ दिवस कुणाला बोलूच द्यायच्या नाहीत. "आधी ऐका की जरा," म्हणायच्या.

आता खरं सांगतो. मघापासून टाळतोय.

परवा आप्पांनी मला घरी बोलावलं. बाईंचे यजमान. दोन वर्षं झाली, त्यांना दिसत नाही. आजच्या शोकसभेला बाईंचा कोणता फोटो ठेवायचा, असं मी विचारलं. म्हणाले, "दत्ता, फोटो तुमच्यासाठी हाय. मला त्यात काय दिसतंय? तू तिचा आवाज आन की. पाच मिन्टं पुरं."

काय सांगू त्यांना?

टेप मी पुसल्या. मीच. नव्या टेप कमी यायच्या. कार्यक्रम लागून गेला, की टेप पुसायची आणि उद्याचा कार्यक्रम तिच्यावरच घ्यायचा. रोजचं काम होतं ते. कधी हात थांबला नाही. बाईंच्या नोकरीच्या शेवटच्या दिवशी मात्र थांबला. विचारलं, "बाई, ही एवढी ठेवू का?" तर म्हणाल्या, "कशाला? मग डाळिंबाचा कार्यक्रम कशावर घेशील?" मी पुसली. ऐकलं मी त्यांचं. कशाला ऐकलं?

गेले दोन दिवस केंद्रातली कपाटं धुंडाळली. तुम्हा विद्यार्थ्यांना फोन केले. सगळ्यांचं उत्तर एकच. वर्गात शिरताना मोबाईल दाराबाहेरच्या टोपलीत ठेवावा लागायचा. रेकॉर्ड होतंय म्हटलं की माणूस नीट ऐकत नाही, असं बाईंचं म्हणणं. पुस्तकातही तेच लिहिलंय. बाई, आयुष्यात पहिल्यांदा तुम्हाला सांगतोय, तुम्ही चुकलात. मीही चुकलो.

काल त्यांच्या एका विद्यार्थिनीनं आप्पांना त्याच पुस्तकातली चार पानं वाचून दाखवली. तोच ढंग, तेच थांबणं. आम्ही सगळे रडलो. आप्पांनी शेवटपर्यंत ऐकलं. तिच्या डोक्यावर हात ठेवून म्हणाले, "लई चांगलं वाचतीस, बाळ. पन ही ती न्हाय."

आप्पा, मी हात जोडतो. माझ्याकडं काही नाही हो.

रेकॉर्डिंगच्या आधी बाई एक बोट वर करायच्या. पंखा बंद व्हायचा. सगळे गप्प. मग लाल दिवा लागायचा आणि बाई बोलायला लागायच्या. हजारदा तसा गप्प बसलो असेन. कधी जड गेलं नाही, कारण पुढं बाईंचा आवाज येणार हे माहीत असायचं.

आता आपण उभं राहू. कुणीतरी तेवढे पंखे बंद करा. दोन मिनिटं तसेच गप्प राहू. दोन मिनिटं झाली की आपण आपापल्या घरी जायला मोकळे. आप्पा मात्र कान देऊन बसून राहतील. त्यांना लगेच उठवू नका.